टाइमलाइनवर टाकलं की जुनं फुटेज का फाटतं? कुठून तपासायला सुरुवात करायची

मंडळाच्या शतकमहोत्सवाची फिल्म असो, एखाद्या शिक्षणसंस्थेवरचा माहितीपट असो, नाहीतर चॅनेलचा अर्ध्या तासाचा विशेष कार्यक्रम. पुण्यात एडिटला बसणाऱ्या प्रत्येकाकडे कधी ना कधी कुणीतरी हार्ड डिस्क आणून ठेवतं आणि म्हणतं, "यात जुनं फुटेज आहे, पण ते फाटतंय." बीटाकॅम, यूमॅटिक, व्हीएचएस, मिनीडीव्ही, कशावरूनही उतरवलेलं असलं तरी तक्रार तीच. हे दुरुस्त करणं हा माझ्या रोजच्या कामाचाच भाग आहे, आणि बहुतेक वेळा टेपचा दोष नसतो. टेपवरून फाइल झाली तेव्हापासून ती तुमच्या टाइमलाइनवर येईपर्यंत मध्येच कुठेतरी घोळ झालेला असतो. म्हणून "जुनं आहे, असंच दिसणार" असं म्हणून ते सोडून देऊ नका. ती मिरवणूक, ते भाषण, तो वाडा परत चित्रित करता येणार नाही.

लक्षणं

आधी तुमच्याकडे नेमकं काय होतंय ते ओळखा, कारण उपाय त्यावर ठरतो.

• स्थिर चित्र स्वच्छ, पण हललेल्या वस्तूच्या कडेला फणीसारखे बारीक आडवे दात. पॉज केल्यावर ठळक दिसतात.
• हालचाल पुढे-मागे-पुढे अशी थरथरते. चालणारा माणूस एक पाऊल टाकून अर्धं मागे घेतो असं वाटतं.
• एकाच फ्रेममध्ये दोन हात, दोन चेहरे, एक ठळक आणि एक पुसट.
• दात आहेत, पण बारीक नाहीत. जाड, लाटेसारखे, कुठे दाट कुठे विरळ.
• माणसं जाड किंवा लांबट दिसतात.
• लुगड्याचे काठ, जिन्याच्या पायऱ्या, कौलं लुकलुकतात.
• माणसं घाईत चालतात, आवाज किंचित चढा लागतो.
• चित्राच्या तळाशी फाटलेली पट्टी, किंवा अगदी वर पांढरे नाचणारे ठिपके.

शेवटच्या लक्षणाला घाबरू नका. व्हीएचएसच्या तळाची पट्टी टेप वाचणारं हेड बदलताना पडते आणि वरचे ठिपके बहुतेकदा टाइमकोडचे, म्हणजे प्रत्येक फ्रेमच्या वेळेच्या नोंदीचे असतात. जुन्या टीव्हीच्या चौकटीआड हे झाकलं जायचं. काळ्या पट्टीने झाका आणि पुढे चला.

बाकीचं समजायला एक गोष्ट माहीत हवी. आपल्याकडच्या पाल पद्धतीत चित्राच्या ६२५ ओळी, त्यातल्या ५७६ दिसणाऱ्या. सेकंदाला २५ फ्रेम, पण प्रत्येक फ्रेम दोन हप्त्यांत टिपलेली: आधी एकाआड एक ओळी, मग सेकंदाच्या पन्नासाव्या भागानंतर उरलेल्या ओळी. या प्रत्येक हप्त्याला फील्ड म्हणतात, आणि अशा दोन हप्त्यांच्या चित्राला इंटरलेस. पूर्ण फ्रेम एकाच क्षणाची असेल तर ते प्रोग्रेसिव्ह. म्हणजे त्या टेपवर सेकंदाचे २५ नाही, ५० वेगवेगळे क्षण आहेत. जुना पिक्चर ट्यूबचा टीव्ही ते एकामागून एक दाखवायचा. आजचा मॉनिटर दोन्ही फील्ड एकदम दाखवतो, आणि मधल्या वेळात हात सरकलेला असल्यामुळे दात दिसतात. हे क्षण नीट सुटे करणं, म्हणजे फील्ड सोडवणं किंवा डीइंटरलेस करणं, हेच सगळं काम आहे.

आधी बघण्याची पद्धत तपासा

याला पैसा लागत नाही आणि मिनिटभरही लागत नाही, तरी लोक इथूनच उडी मारून पुढे जातात. व्ह्यूअरमध्ये चित्र १०० टक्क्यांवर ठेवा, प्लेबॅक रिझोल्यूशन फुल करा, प्रॉक्सी (एडिटसाठी बनवलेल्या हलक्या प्रती) बंद करा. अर्ध्या रिझोल्यूशनवर दात कधी लपतात, कधी नसलेले दिसतात. लपले तर ते थेट मोठ्या पडद्यावरच भेटतात.

मग तीच मूळ फाइल व्हीएलसी या प्लेअरमध्ये उघडा. तिथे ती स्वच्छ दिसली तर खूश व्हा: फाइल बहुधा धडधाकट आहे आणि चूक तुमच्या प्रोजेक्टच्या सेटिंगमध्ये आहे. फाइलवर इंटरलेस अशी नोंद असेल तर व्हीएलसी स्वतःहून फील्ड सोडवून दाखवतो. घरचा टीव्हीही तेच करतो, त्यामुळे "टीव्हीवर तर बरोबर दिसलं" हा एक्सपोर्ट बरोबर असल्याचा पुरावा धरू नका.

फाइलचा जन्मदाखला

मीडियाइन्फो हे फुकट सॉफ्टवेअर आहे. त्यात फाइल टाका आणि पाच गोष्टी वाचा: रुंदी-उंची, फ्रेम रेट, स्कॅन टाइप (इंटरलेस की प्रोग्रेसिव्ह), स्कॅन ऑर्डर (कुठलं फील्ड आधी), कोडेक (चित्र साठवण्याची पद्धत).

७२० × ५७६, २५ फ्रेम, इंटरलेस असं दिसलं तर फाइल टेपच्या जवळची आहे. १९२० × १०८०, प्रोग्रेसिव्ह दिसलं आणि आतला मजकूर १९९२ चा असेल, तर मध्ये कुणीतरी तो फुगवलेला आहे. ६४० × ४८० किंवा २९.९७ फ्रेम दिसलं तर फाइल परदेशी पद्धतीतून, नाहीतर इंटरनेटवरून फिरून आलेली आहे. कोडेक डीव्ही (मिनीडीव्ही टेपचा) असेल तर मनात नोंद करा, ती पुढे लागणार आहे.

मात्र मीडियाइन्फो फाइलवर लिहिलेलं वाचून दाखवतं, आतलं चित्र बघत नाही. इंटरलेस फुटेजवर प्रोग्रेसिव्हची चिठ्ठी लागलेली मी सारखी बघतो. चित्र खरोखर तपासायचं तर एफएफएमपेग या कमांडवर चालणाऱ्या सॉफ्टवेअरमधला आयडेट हा फिल्टर चालवा. तो फ्रेमगणिक बघून किती फ्रेममध्ये वरचं फील्ड आधी, कितींत खालचं, किती प्रोग्रेसिव्ह याची मोजदाद देतो. त्यासाठी भरपूर हालचाल असलेला तुकडा द्या. स्टुडिओत बसलेल्या वक्त्याच्या मुलाखतीवरून त्यालाही काही कळत नाही.

माणसं जाड दिसत असतील तर

७२० × ५७६ मधले पिक्सेल चौरस नसतात. ४:३ चं चित्र चौरस पिक्सेलमध्ये साधारण ७६८ × ५७६ होतं, आणि १०८० उंचीच्या टाइमलाइनवर १४४० × १०८०, दोन्ही बाजूंना २४० पिक्सेलच्या काळ्या पट्ट्या ठेवून. शंका आली तर फ्रेममध्ये एखादी गोल वस्तू शोधा. सायकलचं चाक, भिंतीवरचं घड्याळ, समोरून दिसणारं ढोलाचं पान. ते गोल दिसलं की प्रश्न मिटला.

पट्ट्या नकोत म्हणून निर्माता चित्र ताणायला सांगतो. नाही म्हणा. पूर्ण पडदा भरेपर्यंत मोठं करून कापायला सांगितलं, तर उंचीतला पाव भाग जातो हे त्याला एकदा दाखवा. भाषण करणाऱ्याची टोपी किंवा त्याच्यापुढचा माईक, यातलं काहीतरी जाणारच.

फील्डची ऑर्डर

माझ्याकडे येणाऱ्या तक्रारींत सगळ्यात जास्त वेळा इथेच गाठ सापडते. चित्र थरथरत असेल, पुढे-मागे होत असेल, तर फील्ड उलट क्रमाने वाजत आहेत: दुसरा क्षण आधी, पहिला नंतर. बीटाकॅम किंवा डिजिटल बीटाकॅमवरून घेतलेल्या पाल फाइलमध्ये बहुधा वरचं फील्ड आधी असतं. डीव्हीमध्ये खालचं आधी. एकाच प्रोजेक्टमध्ये दोन्ही आले, किंवा डीव्हीची फाइल कुणी दुसऱ्या कोडेकमध्ये बदलताना नोंद हरवली, की हा घोळ ठरलेला.

तपासायला ढोलाच्या टिपरूइतकी चांगली खूण नाही. लक्ष्मी रोडच्या विसर्जन मिरवणुकीचं जुनं फुटेज बहुतेक प्रत्येक पुणेरी फिल्ममध्ये असतंच. टिपरू वरून खाली येतानाचा एक सेकंद निवडा. क्लिप फील्ड सोडवून ५० फ्रेमची करा आणि बाणाच्या बटणाने एकेक फ्रेम पुढे सरका. ऑर्डर बरोबर असेल तर टिपरू प्रत्येक पावलाला खालीच जाईल. उलट असेल तर खाली, जरा वर, पुन्हा खाली, जरा वर. एकदा हे डोळ्यांनी पाहिलं की पुढच्या वेळी नुसतं प्ले करूनही ओळखता येतं. मिरवणूक नसेल तर पालखीतल्या पताका किंवा लेझीम घ्या. एका दिशेने वेगात जाणारं काहीही चालतं.

दुरुस्ती सोपी आहे. प्रीमियरमध्ये क्लिपच्या इंटरप्रिट फुटेजमध्ये फील्ड ऑर्डर बदला. दाविंची रिझॉल्व्हमध्ये क्लिप ॲट्रिब्यूट्समध्ये फील्ड डॉमिनन्स. मूळ क्लिपवर बदला, टाइमलाइनवरच्या तुकड्यांवर एकेक करून नाही. आणि फील्ड सोडवण्याआधी चित्र एक पिक्सेल वर किंवा खाली सरकवू नका. एका ओळीने सरकलं की वरचं फील्ड खालचं होतं आणि नीट असलेली ऑर्डर उलटते. आधी कुणी कडा कापताना विषम संख्येने ओळी कापल्या असतील, तरी हेच होतं.

टेपवरचं की फिल्मवरचं?

इथे थोडा वेळ द्या. चुकीचं उत्तर धरून पुढे गेलात तर चांगल्या चित्राचं नुकसान तुमच्याच हातून होईल.

व्हिडिओ कॅमेऱ्याने टिपलेल्या चित्रात प्रत्येक फील्ड वेगळ्या क्षणाचं असतं. फिल्मवर टिपून नंतर टेपवर उतरवलेल्या चित्रात दोन्ही फील्ड एकाच फिल्म फ्रेममधून आलेली असतात, त्यामुळे फाइलवर इंटरलेस लिहिलेलं असलं तरी चित्र अखंड असतं. अशा क्लिपला डीइंटरलेस लावलं, तर साधी साधनं अर्ध्या ओळी फेकून नव्या बनवतात आणि तपशील फुकटचा जातो. तिथे प्रोग्रेसिव्ह म्हणून सांगा आणि हात काढून घ्या.

ओळखायचं कसं? हालचालीतल्या दहा-बारा फ्रेम पुढे सरकून पाहा. प्रत्येक हलत्या फ्रेमला दात असतील तर व्हिडिओ. एकालाही नसतील तर फिल्म. पाचातल्या तीन स्वच्छ आणि दोन दातेरी असा ठेका असेल आणि फ्रेम रेट २९.९७ असेल, तर ती २४ फ्रेमची फिल्म अमेरिकी पद्धतीत उतरवलेली आहे. तिला डीइंटरलेस नाही, इन्व्हर्स टेलिसिने लावायचं म्हणजे मूळ २४ फ्रेम जशाच्या तशा परत मिळतात. चित्र फिल्मचं वाटतंय, तरी २५ फ्रेमच्या फाइलमध्ये प्रत्येक फ्रेमला दात आहेत, तर फील्डची जोडी एका घराने चुकलेली असते. एफएफएमपेगचा फील्डमॅच फिल्टर ती जुळवतो.

डोळ्याला दिसणाऱ्या आणखी खुणा आहेत. फिल्मवर उभे ओरखडे, धुळीचे ठिपके आणि चित्राचं किंचित डुलणं असतं. टेपवर क्षणभर चमकून जाणाऱ्या आडव्या पांढऱ्या रेघा असतात, आणि जुन्या ट्यूब कॅमेऱ्यात दिव्यामागे ओढली जाणारी प्रकाशाची शेपटी. जुन्या माहितीपटात दोन्ही एकत्र भेटतात: शॉट फिल्मवरचे, पण खालून वर जाणारी श्रेयनामावली टेपवर चढवलेली. तेव्हा एकच सेटिंग सगळ्या फाइलला लावू नका, शॉट तोडून वेगवेगळं लावा. कंटाळवाणं काम आहे, पण करण्यासारखं आहे.

फिल्मबाबत वेगाचाही प्रश्न येतो. पाल टेपवर उतरवताना २४ फ्रेमची फिल्म सर्रास २५ वर चालवत, म्हणजे साधारण ४ टक्के जलद. भाषणात ते खपून जातं. गाण्यात नाही. काळी एकमध्ये गाणारा गायक काळी एक आणि पांढरी दोनच्या मध्ये कुठेतरी लटकतो, आणि पुण्यातला श्रोता ते पकडतोच. क्लिपचा वेग २४ ला आणा, आवाजासकट. मूकपटांचा वेग तर १६ पासून २४ पर्यंत काहीही असायचा. १९१३ च्या सुमाराची दृश्यं २५ वर पळवून फाळक्यांच्या काळातली माणसं तुरुतुरु चालताना दाखवणं हा त्या लोकांवर अन्याय आहे. चालणं नैसर्गिक वाटेपर्यंत वेग कमी करा.

आधी फील्ड सोडवा, मग मोठं करा

यातला एकच नियम लक्षात ठेवायचा असेल तर हा ठेवा. इंटरलेस चित्र न सोडवता ५७६ वरून १०८० केलं की दोन्ही क्षणांच्या ओळी एकमेकींत मिसळतात. लक्षणांच्या यादीतले जाड, लाटेसारखे दात ते हेच. पुढे कितीही महाग साधन लावलं तरी मिसळलेलं सुटं होत नाही.

म्हणून क्रम असा: ऑर्डर ठरवा, ७२० × ५७६ मध्येच फील्ड सोडवा, मग पिक्सेलचा आकार सुधारून मोठं करा, सगळ्यात शेवटी रंग. रिझॉल्व्हमधलं डीइंटरलेस आणि एफएफएमपेगमधला बीडब्ल्यूडीआयएफ रोजच्या कामाला पुरेसे आहेत. एखादं दुर्मीळ दृश्य असेल तर क्यूटीजीएमसी ही डीइंटरलेसची स्क्रिप्ट वापरा. वेळ खूप घेतं, पण काठ आणि पायऱ्यांचं लुकलुकणं तेच सर्वांत चांगलं थांबवतं. मात्र ते चेहऱ्यावरचा पोतही थोडा गुळगुळीत करतं, तेव्हा जवळच्या शॉटवर नजर टाकल्याशिवाय सगळं रेंडरला लावू नका.

फील्ड सोडवताना ५० फ्रेमची फाइल बनवा, २५ ची नको. चॅनेलला १०८० इंटरलेस द्यायचं असेल तर त्या ५० फ्रेममधून पुन्हा फील्ड बनतात आणि मूळ हालचाल जशीच्या तशी राहते. २५ प्रोग्रेसिव्ह द्यायचं असेल तर एकाआड एक फ्रेम गाळा. टाइमलाइन २४ ची ठेवली आणि क्लिप २५ ची असेल, तर दर सेकंदाला एक झटका बसतो आणि लोक त्याचा दोष टेपला देतात. आपल्याकडच्या जुन्या टेपचा भरणा असलेल्या फिल्मला सुरुवातीपासून २५ चीच टाइमलाइन ठेवा.

कृत्रिम बुद्धिमत्तेने चित्र मोठं करणाऱ्या सॉफ्टवेअरबद्दल रोज विचारणा होते. इमारत, रस्ता, झाडं यांवर ते कधी कधी छान चालतं. पण गर्दीतल्या लहान चेहऱ्यांना ते स्वतःच्या मनाने डोळे-नाक लावतं. जुन्या मोर्चातला, सभेतला माणूस खरोखर तिथे होता. त्याच्या जागी भलताच चेहरा बसवून तो इतिहास म्हणून दाखवू नये. चेहरे असतील तिथे मी ते वापरत नाही आणि कुणाला वापरू देत नाही.

फाइलच बिघडलेली असेल तर थांबा

जाड दात असलेली १०८० ची फाइल, किंवा एका फ्रेममध्ये दोन पुसट चेहरे असलेली २९.९७ ची फाइल हातात असेल, तर तिच्यावर दिवस घालवू नका. इंटरनेटवरून उतरवलेल्या प्रतीचं बहुधा हेच असतं. बऱ्याचदा कमी खर्चाचा उपाय म्हणजे जिथून फुटेज आलं तिथे नवी प्रत मागणं. मागताना "चांगल्या क्वालिटीत द्या" म्हणू नका, कारण मग समोरचा माणूस मदत म्हणून फुगवलेली फाइल देतो. असं लिहा:

"मूळ टेपवरून थेट घेतलेली ७२० × ५७६, २५ फ्रेमची फाइल हवी आहे. इंटरलेस तशीच ठेवावी. मोठी करू नये, डीइंटरलेस करू नये, कडा कापू नयेत. टेपचा प्रकार, फील्ड ऑर्डर आणि टाइमकोड सोबत कळवावा."

फिल्मवरचा मजकूर असेल तर टेपच्या प्रतीवर समाधान मानण्याआधी फिल्मचं नवं स्कॅन उपलब्ध आहे का ते विचारा. पुण्यात लॉ कॉलेज रस्त्यावर राष्ट्रीय चित्रपट संग्रहालय १९६४ पासून आहे. तिथे जाताना एवढं लक्षात ठेवा, की प्रत जपणारी संस्था आणि हक्कांचा मालक बहुतेकदा वेगळे असतात. वापराची परवानगी मालकाकडून लेखी घ्यावी लागते. प्रत आणि परवानगी दोन्हींची मागणी एकाच आठवड्यात सुरू करा, एकीवाचून दुसरी अडते.

टेपला किंवा फिल्मला हात लावण्याआधी

नवी प्रत मिळत नसेल आणि मूळ कॅसेट घरच्या कपाटात असेल, तर पुन्हा डिजिटाइझ करणं उरतं. टेप वरवर स्वच्छ असेल आणि चांगला डेक (टेप चालवणारं यंत्र) असेल तर एस-व्हिडिओ किंवा कंपोनंट जोडणी वापरा, पिवळ्या पिनची (कंपोझिट) नको. उभ्या रेषा नागमोडी दिसत असतील तर ओळींची वेळ सरळ करणारा टाइमबेस करेक्टर लागेल. इथपर्यंत हौशी माणूस जाऊ शकतो.

पुढचं काही दिसलं तर प्ले बटण दाबू नका आणि व्यावसायिक डिजिटायझेशन करणाऱ्याकडे जा.

कॅसेटच्या खिडकीतून रिळाच्या कडेवर पांढरी पूड किंवा जाळं दिसतं: ती बुरशी. दमट पावसाळे काढलेल्या कॅसेटमध्ये ती हमखास असते. अशी टेप डेकमध्ये घातली की बुरशी हेडला लागते आणि त्यानंतर घातलेल्या प्रत्येक टेपवर जाते.

टेप चालताना किंचाळते, चिकटते, हेडवर तपकिरी थर सोडते: तिचा बाइंडर (चुंबकीय थर पट्टीला धरून ठेवणारा चिकट पदार्थ) ओलाव्याने विरघळायला लागला आहे. तत्काळ थांबवा, पुढे-मागे पळवू नका. अशा टेप मंद उष्णतेत ठरावीक काळ वाळवून एकदा वाचवता येतात, पण ते काम ज्यांच्याकडे तापमान अचूक राखणारं यंत्र आहे त्यांचं. घरच्या ओव्हनमध्ये अजिबात नाही.

फिल्मच्या डब्याला व्हिनेगरचा वास येतो: ॲसिटेट बेस कुजतोय, आणि त्याची वाफ शेजारच्या डब्यांनाही बिघडवते. तो डबा वेगळा ठेवा, हवा खेळती ठेवा, फिल्म प्रोजेक्टरवर चढवू नका.

३५ मिलिमीटरची फिल्म १९५० च्या आसपासची किंवा त्याआधीची असेल आणि काठावर इंग्रजीत सेफ्टी असं छापलेलं नसेल, तर ती नायट्रेट असू शकते. इथे एडिटरचं काम संपतं. नायट्रेट जळताना स्वतःचा ऑक्सिजन तयार करते, त्यामुळे पाण्याखालीही जळत राहते. जानेवारी २००३ मध्ये पुण्यातच नायट्रेट फिल्मच्या साठ्याला आग लागून सुरुवातीच्या काळातले कितीतरी चित्रपट गेले. डबा उघडून बघू नका, उन्हात ठेवू नका, कुरिअरने पाठवू नका, गाडीच्या डिकीत टाकून नेऊ नका. आहे तिथेच सावलीत, विजेच्या वस्तूंपासून दूर ठेवा आणि आधी फोन करून संग्रहालयाचा सल्ला घ्या. ते सांगतील तसंच हलवा.

बाकीच्या कुठल्याही टेपसाठी तंत्रज्ञाकडे जाताना कॅसेट, तिच्या खोक्यावरची जुनी चिठ्ठी, आणि तुमच्याकडची खराब फाइल अशा तिन्ही गोष्टी न्या. ती फाइल टाकून देऊ नका. तिच्यातला टाइमकोड बघून तंत्रज्ञ थेट हव्या त्या दृश्यापाशी पोचतो, आणि अशक्त टेपला जितक्या कमी वेळा चालवावं लागेल तितकं बरं.